चित्राची डावी बाजू

१४ जुलै, सोमवार लेगी

आज लेगी, आमच्या पाच बाजारवारांतला पहिला वार, म्हणून राजाच्या गोष्टीच्या चित्रपटाचं काम खऱ्या अर्थानं सुरू झालं. बापाकनी, म्हणजे आम्ही ज्यांना बाबा म्हणतो त्या मालकांनी, आम्हाला समोर बसवून गोष्ट सांगितली, जणू आम्ही ती कधी ऐकलीच नव्हती. नटवा राजा, दोन लबाड बातिकवाले रंगारी, आणि असं वस्त्र की जे नालायक माणसाला दिसतच नाही. प्रधान म्हणतो वा, दरबारी म्हणतात वा, आणि राजा उघडाच मिरवणुकीत निघतो. बापाकनी राजाची चाल चालून दाखवली. पासष्टीचा माणूस, पण पोट पुढे काढून, अंगावर नसलेलं वस्त्र दोन बोटांनी सावरत असे काही चालले की चित्रांत रंग भरणाऱ्या तुतिकच्या हातातला रंग सांडला.

चालता चालता त्यांचा डावा खांदा दाराच्या चौकटीवर आपटला. त्यांनी ते आपटणंही राजाच्या चालीत बसवून टाकलं. आम्ही आणखी हसलो.

आमचा स्टुडिओ म्हणजे जकार्तापासून लांब, कोतागेडेतल्या त्यांच्याच घराचा पुढचा भाग. पलीकडच्या चांदीवाल्यांची ठोकाठोक दिवसभर ऐकू येते. हलत्या चित्रांत मुख्य चित्रं बापाक काढतात. राजाचा हात वर, हे एक. हात खाली, हे दुसरं. मधली सगळी मी काढते. इतकी वर्षं मधलीच काढतेय. तुतिक रंग भरता भरता म्हणते, "म्बाक मुर्नी, तुझं लग्नसुद्धा मधल्यामधेच राहिलं." म्बाक म्हणजे ताई. ताई म्हणायचं आणि वर असं बोलायचं. चाळिशी उलटलेल्या बाईशी असं बोलायची हिंमत तिचीच.

२२ जुलै, मंगळवार वागे

दरबाराचं मोठं चित्र आज माझ्याकडे आलं. उजवीकडे राजा, प्रधान, छत्रीवाला, सगळं झकास. डावीकडे काहीच नाही. कागद कोरा.

मला वाटलं, मुद्दाम सोडलं असेल. विचारायला गेलं तर "एवढी वर्षं काम करून हे कळत नाही?" असं व्हायचं. म्हणून मीच डावीकडे सिंहासन काढलं, पंखा ढाळणारी दासी काढली, आणि जागा उरली म्हणून पायरीवर एक कोंबडा बसवला. बापाकनी कागद डोळ्यांजवळ नेला, थोडा तिरका केला, परत सरळ केला. "हं, चालेल," म्हणाले.

दिब्यो चित्रं कॅमेऱ्याखाली लावतो. त्यानं हे पाहिलं. अंगणात गाठून म्हणाला, "त्यांना दिसत नाहीये, म्बाक."

"थकलेत ते."

"चहाचा कप डावीकडे ठेवला तर हातानं चाचपडतात."

"मग उजवीकडे ठेवत जा."

तो ठेवायला लागला. तुतिकही ठेवायला लागली. आम्ही आपसात काही ठरवलं नाही, पण त्यांच्या टेबलाच्या डाव्या बाजूला आता कुणी काही ठेवत नाही.

९ ऑगस्ट, शनिवार पाहिंग

आज एक गोष्ट झाली आणि ती लिहिताना माझीच मला लाज वाटतेय.

जेवताना तुतिक एकदम म्हणाली, "माझ्या काकांचं असंच झालं होतं. कडेकडेनं जातं सगळं. काचबिंदू. वेळेवर थेंब घालायला लागलं की उरलंय तेवढं तरी राहतं. उशीर झाला की संपलं."

दिब्यो म्हणाला, "मग सांगायला हवं."

सांगायला हवं हे सगळ्यांना पटलं. कुणी सांगायचं हे मात्र कुणालाच पटेना. मांजराच्या गळ्यात घंटा बांधायची कुणी? तुतिक म्हणे, मी साधी रंगवाली. दिब्यो म्हणे, मी वयानं लहान, आणि त्यांनीच मला कामाला लावलं. मी म्हटलं, इबूच का सांगत नाहीत? तर दोघंही म्हणाले, त्या बायको आहेत, त्या घरी बोलल्याच असतील. आपल्याकडे मोठ्या माणसाला तोंडावर "तुम्हाला दिसत नाही" म्हणायचं म्हणजे भर बाजारात त्याच्या कमरेचं सारोंग ओढण्यासारखंच.

शेवटी भिशीचा ग्लास काढला. दर महिन्याला भिशीचा नंबर काढतो तशाच नावांच्या सुरळ्या करून आत टाकल्या, वर कागद लावला, भोक पाडलं, हलवलं. पडली ती माझी.

बापाक आत एकटेच होते. मी ऊन फार आहे म्हटलं. ते हो म्हणाले. इबूंच्या गुडघ्यांची चौकशी केली, सुराबायात राहणाऱ्या नातवाची केली, पेरूच्या झाडाची केली. मूळ गोष्टीभोवती चांगल्या चार प्रदक्षिणा घातल्या. मग त्यांनीच विचारलं, "दरबाराच्या चित्रात डावीकडचं सिंहासन कसं वाटतं तुला?"

"सुंदर आहे, बापाक."

"मीच काढलंय ना ते?"

"तुम्हीच काढलंय."

ते बराच वेळ माझ्या दिशेनं बघत राहिले. "खरंच?"

"खरंच."

"बरं," ते म्हणाले. "चहा घे."

मी चहा घेतला. कलावंत कितीही मोठा झाला तरी त्याची शाबासकीची भूक जात नाही, असं मनात आलं. आणि खोटं कशाला बोलू, माझं सिंहासन त्यांच्या हातचं म्हणून खपलं याचा आनंदही झाला.

बाहेर दोघं वाट बघत होते. "सांगितलंस?"

"सांगितलं."

"काय म्हणाले?"

"चित्रपट संपला की डॉक्टरकडे जातो म्हणाले."

हे माझ्या तोंडून इतकं सहज बाहेर पडलं की मलाच ते खरं वाटलं. दोघांचे चेहरे कसे उजळले. आता एकदा खोटं बोललेच आहे, तर ते खरं करून टाकायचं, एवढंच. सोमवारी सांगेन.

१७ ऑगस्ट, रविवार क्लिवोन

आज आमचा स्वातंत्र्यदिन. गल्लीत पापड खाण्याची शर्यत, पोत्यातली शर्यत, सगळं झालं. मुलांची मिरवणूक निघाली तेव्हा गल्लीच्या प्रमुखांनी बापाकना सर्वांत पुढे चालायला सांगितलं. त्यांनी ठेवणीतला बातिकचा सदरा घातला होता, डोक्याला ब्लांगकोन पगडी, चालण्यात तीच ऐट.

मशिदीच्या वळणावर डावीकडे गटाराची फरशी उचललेली होती. सगळ्यांना दिसत होती. त्यांचा पाय आत गेला आणि ते कडेला बसकण मारून पडले.

एकही माणूस हसला नाही. कुणी धावलंही नाही. दिब्यो पुढे झाला आणि त्यांच्या शेजारी खाली बसला, जणू इथंच बसायचं आधीच ठरलं होतं. "इथं सावली बरी आहे," म्हणाला. मग गल्लीचे प्रमुख बसले. मग त्यांची बायको, मग ढोल वाजवणारी पोरं, मग मी. बघता बघता अख्खी गल्ली रस्त्यात बसली. कुणी शेंगदाणे काढले. बापाक शेंगदाणे खात हसत होते. त्यांची डावी पोटरी सोलपटली होती आणि रक्त चपलेत उतरत होतं, त्याकडे कुणी बघितलं नाही.

घरी येताना मला भरून आलं. किती चांगली माणसं आहेत ही, असं वाटलं. आणि लगेच तुतिक कानाशी लागली, "बरं झालं तू बोललीस. निदान चित्रपट झाल्यावर तरी जातील." मी हं म्हटलं.

आज सांगायचं म्हणजे त्यांच्या पडण्यावर बोट ठेवल्यासारखं झालं असतं. थोडे दिवस जाऊ देत.

४ सप्टेंबर, गुरुवार पोन

गोष्टीत राजा उघडा आहे असं ओरडणाऱ्या मुलीच्या आवाजासाठी आज चांदीवाल्यांची किनांती आली होती. सात वर्षांची, दोन वेण्या, आईनं चांगलंच वळण लावलेली. माइकसमोर उभी राहिली आणि हात जोडून हळूच म्हणाली, "माफ करा महाराज, पण आपल्या अंगावर बहुधा..."

आम्ही पोट धरून हसलो. बापाक म्हणाले, "असं नाही, बाळ. तू ओरडायचंस. राजा उघडा आहे, बस्स."

"मोठ्या माणसांना असं म्हणत नाहीत."

"गोष्टीत चालतं. पुन्हा. मोठ्यानं."

तिनं पुन्हा म्हटलं, पुन्हा हळूच. "पुन्हा, बाळ. मोठ्यानं." कितीतरी वेळा. शेवटी तिचा आवाज फाटला, रडवेला झाला, आणि तोच आवाज त्यांना हवा होता. ते खूश झाले.

जाताना तिनं त्यांचा हात कपाळाला लावण्यासाठी आपला हात पुढे केला. ती डावीकडे उभी होती. बापाक समोर बघतच राहिले. वाटलं, आता ही म्हणणार. आताच तर हिला शिकवलंय.

किनांतीनं एकदा त्यांच्याकडे पाहिलं, एकदा आईकडे. मग फिरून त्यांच्या उजवीकडे गेली, त्यांचा हात स्वतःच उचलला आणि कपाळाला लावला. आईनं तिच्या पाठीवर कौतुकानं थोपटलं. मीही सुटकेचा श्वास टाकला. गुणी पोर आहे.

२० सप्टेंबर, शनिवार वागे

जकार्ताहून चित्रपटाला पैसे देणारी मंडळी आली. झालेला भाग बघून त्यांनी टाळ्या वाजवल्या. त्यातली चष्मेवाली बाई म्हणाली, "आणि तो डाव्या कोपऱ्यातला कोंबडा. सगळा दरबार वस्त्र बघतोय, कोंबडा तेवढा राजाच्या पोटाकडे बघतोय. हे फक्त मोठ्या कलावंतालाच सुचतं."

बापाकनी मान हलवली. "कोंबडा आपोआप आला हातातून."

मला राग आला. माझा कोंबडा. मग त्या रागाचीही लाज वाटली, कारण आता डावीकडचं सगळंच माझं असतं. बाजार, हत्ती, गर्दी. ते रोज थोडं कमी काढतात आणि मी रोज थोडं जास्त. कुणी चित्राची तारीफ केली की मी कोणत्या बाजूची केली ते बघते. मला बापाकचा हात आला आहे, असं दिब्यो म्हणाला तेव्हा मी दिवसभर गुणगुणत होते.

त्यांना सांगितलं तर ते काम थांबवतील. मग माझं काय, हा विचार माझ्या मनात आलाच नाही, असं इथं लिहायचं होतं. लिहिता आलं नाही.

१४ ऑक्टोबर, मंगळवार पोन

बापाक बाजारातून येताना डावीकडून मोटरसायकल आली. हॉर्न वाजवत आली होती, तो पोरगा शपथेवर सांगतो. हात मोडला नाही, कपाळाला टाके पडले. टाके घालणाऱ्या डॉक्टरणीनं त्यांच्या डोळ्यांसमोर बोट फिरवलं आणि म्हणाली, यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे न्या. लगेच.

त्या बाईला काही संकोच वाटला नाही. तिला बापाक कोण हे ठाऊकच नव्हतं.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार लेगी

इबू, बापाक आणि मी गेलो. काचबिंदू. डावा डोळा पूर्ण गेला. उजव्याला मधलं तेवढं दिसतं, नळीतून बघावं तसं, आणि तेही धुरकट. गेलेलं परत येत नाही. औषधानं उरलेलं थोडे दिवस राखू म्हणाले, पण चित्रं काढणं आता विसरा.

"दोन-तीन महिने आधी आणायला हवं होतं," डॉक्टर म्हणाले. "उजवा डोळा तेव्हा हाताशी होता."

दोन-तीन महिने आधी. म्हणजे भिशीच्या ग्लासातून माझं नाव पडलं तेव्हा.

बापाक आत थांबले आणि आम्ही दोघी बाहेरच्या बाकावर बसलो. इबू ओढणीचं टोक पिळत म्हणाल्या, "मला कळत होतं गं. ताटातला डावीकडचा भात तसाच राहायचा. मी ताट फिरवून द्यायची. वाटायचं, तुम्ही कामावर बोलला असाल. बाहेरच्यांचं ते ऐकतात."

"आम्हाला वाटलं, तुम्ही घरी बोलला असाल."

त्या रडल्या. मीही रडले. पण त्या ज्यासाठी रडत होत्या आणि मी ज्यासाठी रडत होते, ते एक नव्हतं. तेव्हाच सांगून टाकायला हवं होतं. बाकावर दुसरं कुणीही नव्हतं.

रिक्षानं परतलो. घर आल्यावर बापाक म्हणाले, "मिरवणुकीची चित्रं तू काढ, मुर्नी. डावी बाजूही आणि उजवीही." हेच तर मला हवं होतं. आता ते मिळालं, आणि पेन्सिल हातात धरवत नाही.

२ नोव्हेंबर, रविवार पाहिंग

रोजा सोडायला इबूंनी आम्हा तिघांना बोलावलं होतं. बांग झाली, खजूर झाले, नारळाच्या दुधातली गोड केळी वाट्यांत आली. तुतिक चांगल्या मनानं बोलली, हे मी आधी लिहून ठेवते. इबूंना धीर द्यावा म्हणून म्हणाली, "तुम्ही स्वतःला दोष देऊ नका, इबू. म्बाकनं ऑगस्टमध्येच बापाकना सांगितलं होतं. तेच चित्रपट संपल्यावर जातो म्हणाले."

इबूंच्या हातातला चमचा खाली आला. इतक्या वर्षांत मी त्यांना बापाकवर आवाज चढवताना ऐकलं नव्हतं. "तुम्हाला सांगितलं होतं? पोरीनं जीव मुठीत धरून सांगितलं आणि तुम्ही ऐकलं नाहीत? चित्रपट मोठा झाला तुम्हाला? माझा विचार नाही आला? मी आता आयुष्यभर तुमचा हात धरून चालवायचं, ते तुमच्या हट्टापायी?"

माझ्या तोंडात केळं होतं. ते गिळता येईना, थुंकता येईना.

बापाकनी मान वळवली. आवाजावरून मी कुठं बसले आहे ते त्यांना माहीत होतं. मी आता बोलेन म्हणून ते थांबले. मी बोलले नाही.

"हो," ते म्हणाले. "सांगितलं होतं तिनं. मीच हट्टी."

दिब्यो हळूच म्हणाला, "म्हातारी माणसं अशीच असतात, इबू." आणि सगळे पुन्हा केळी खायला लागले.

म्हणजे आपल्याला दिसत नाही हे त्यांना माहीत होतं. सिंहासनाचं विचारलं तेव्हाही. "खरंच?" म्हणाले तेव्हाही. त्यांना शाबासकी नको होती. त्यांनी मला दार उघडून दिलं होतं, आणि मी आत बसून चहा प्यायले.

आता माझी लाज राखायला त्यांनी स्वतःची घालवली. बायकोसमोर. मला शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

२५ नोव्हेंबर, मंगळवार क्लिवोन

लेबारान, म्हणजे ईद. सकाळच्या नमाजानंतर सगळी गल्ली बापाकच्या घरी. ते आणि इबू वेताच्या खुर्च्यांवर बसले होते आणि एकेक जण त्यांच्यापुढे गुडघे टेकून, त्यांच्या मांडीवर डोकं ठेवून क्षमा मागत होता. कळत-नकळत झालेल्या सगळ्या चुका माफ करा. सगळे तेच म्हणतात. कोणती चूक, हे कुणी सांगत नाही, कुणी विचारत नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची. बापाक प्रत्येकाच्या डोक्यावर हात ठेवून म्हणत होते, "मलाही माफ कर."

गल्लीचे प्रमुख झाले. दिब्यो झाला. तुतिक झाली. किनांतीही झाली, नवा हिरवा झगा घालून. माझ्या पुढची बाई इबूंना म्हणाली, "बापाकनी ऐकायला हवं होतं." इबू म्हणाल्या, "पुरुषांचं असंच."

मी गुडघे टेकले. डोकं त्यांच्या मांडीवर ठेवलं. साबणाचा आणि नव्या सारोंगच्या खळीचा वास येत होता. म्हटलं, "कळत-नकळत झालेल्या..." आणि पुढचं येईना.

"मी सांगितलं नव्हतं," मी म्हटलं. "ऑगस्टमध्ये. माझी चिठ्ठी आली होती, मी आत आले, आणि काही सांगितलं नाही. बाहेर जाऊन खोटं बोलले."

माझ्या मागची रांग ऐकत होती. इबूही. मग तुतिक म्हणाली, "अगं म्बाक, काहीतरीच काय. तू सांगितलं होतंस, आम्ही बाहेरच तर होतो." दिब्यो म्हणाला, "रोज्यांनी थकलीय ती. झोप कुठे होते." प्रमुखांची बायको उठली. "चला, केतुपातचा भात गार होतोय. कोंबडीचा रस्सा कुणी वाढायचा?" वाट्या वाजायला लागल्या. इबू दुसरीकडे बघायला लागल्या. गटाराच्या कडेला जशी सगळी गल्ली खाली बसली होती, तशीच आता माझ्यासाठी बसत होती. चांगली माणसं.

मी मांडीवरून डोकं उचललं नाही. उचललं असतं तर मीही उठून रस्सा वाढायला गेले असते.

बापाकचा हात माझ्या डोक्यावर होता, जड. ते खाली वाकले. स्टुडिओत असत तसाच त्यांचा आवाज होता, कामाचा.

"पुन्हा, बाळ," ते म्हणाले. "मोठ्यानं."

मी पुन्हा सांगितलं. या वेळी केतुपातचं नाव कुणी काढलं नाही.